ग्युमोचा हिमबिबट्या

“रक्त आहे!” दाबके ओरडले. “ताई, या, लवकर या!”

गुडघाभर बर्फातून पाय उपसत मी त्यांच्यापर्यंत पोहोचले. वारा चापट्या मारल्यासारखा तोंडावर येत होता. दाबक्यांनी तिपाईवरची दुर्बीण माझ्याकडं वळवली आणि ते बाजूला झाले. दरीच्या पलीकडं, काळ्या कड्याच्या पायथ्याशी, सगळ्या पांढऱ्यात एकच तांबडा पट्टा दिसत होता. काहीतरी ओढत नेल्यासारखा. पट्ट्याच्या टोकाला एक जंगली बकरा पडला होता. त्याची मागं वळलेली शिंगं तेवढी वर आली होती, आणि डोंबकावळे पोटाशी भांडत होते.

“आणि तो?” मी विचारलं.

“तो पोट भरून कुठंतरी पडला असेल. तिथून आपल्याकडं बघतही असेल,” दाबके हसत म्हणाले. “आपल्यालाच दिसत नाहीये.”

आमचा वाटाड्या नोरबू शेजारी उकिडवा बसला होता. मी त्याला विचारलं, “नोरबूजी, ये मारता कैसे है?”

“गला पकड़ता है, मैडम. नीचे से.”

“कितना टाइम लगता है?”

“किसको?”

“मरने को.”

नोरबूनं माझ्याकडं पाहिलं. मग दाबक्यांकडं पाहिलं. “दो मिनट,” तो म्हणाला. “कभी थोड़ा ज़्यादा.”

मी मान हलवली आणि पुन्हा दुर्बिणीला डोळा लावला. डोळ्यातून पाणी यायला लागलं, ते पापणीवरच गोठायला लागलं, तरी मी तिथून हलले नाही. शेवटी दाबक्यांनीच माझ्या खांद्याला हात लावला. “ताई, बास. डोळा जाईल तुमचा.”

ही स्पितीतली गोष्ट. आता तिला बरीच वर्षं झाली. भर हिवाळ्यात हिमबिबट्या दाखवायला नेणारी एक सहल पुण्याहून निघते, असं मी वाचलं आणि नाव दिलं. मी जुन्नरकडची, जिल्हा परिषदेच्या शाळेत शिक्षिका. डुंबरे बाई म्हणतात मला गावात. तोवर मी महाबळेश्वरच्या वर गेले नव्हते. आमचे हे, भास्कर, मला पुण्याच्या स्टेशनावर सोडायला आले होते. गाडी सुटायच्या आधी खिडकीशी येऊन म्हणाले, “हेमा, बघून आलीस की बरं वाटेल का तुला?”

“माहीत नाही,” मी म्हणाले.

“मग जा,” ते म्हणाले. “बघून ये.”

शिमल्यापासून सतलजच्या कडेकडेनं आम्ही कितीतरी दिवस वर वर चढत होतो. त्या रस्त्याला दयामाया म्हणून नव्हती. डोंगर अंगावर आल्यासारखे उभे आणि खाली हिरवी नदी बर्फाचे तुकडे आपटत चाललेली. एके ठिकाणी वरून दगड आला आणि आमच्या गाडीची काच फोडून मागच्या रिकाम्या सीटवर जाऊन बसला. ड्रायव्हरनं तो उचलला, बाहेर टाकला आणि गाडी पुढं काढली. नाशिकचं एक निवृत्त जोडपं आमच्याबरोबर होतं. काझाला पोहोचल्यावर हवा विरळ झाली, तशी दोघांचीही डोकी धरली. ते तिथंच हॉटेलात राहिले. पुढं नोरबूच्या गाडीनं ग्युमोला पोहोचलो ते मी आणि डॉक्टर आशुतोष दाबके.

दाबके दातांचे डॉक्टर. पुण्यात त्यांचा मोठा दवाखाना होता. हिमबिबट्यासाठी ते आधी दोनदा येऊन हात हलवत परत गेले होते. माणूस फार चांगला. थंडीनं माझी दाढ ठणकायला लागली, तर रस्त्यातल्या एका ढाब्यावर त्यांनी मला उजेडात बसवलं, टॉर्च धरला आणि हळू आवाजात “तोंड जरा अजून उघडा. अजून थोडं. हां, आता माझ्याकडं बघा,” असं करत दाढ तपासून गोळी दिली. स्वतःचे लोकरी हातमोजेही मला दिले. माझ्याकडं कॅमेरा नाही याचं मात्र त्यांना नवल वाटायचं.

“मोबाईलनंसुद्धा काढत नाही तुम्ही. मग एवढ्या लांब, एवढ्या थंडीत आलात कशाला?”

“बघायला,” मी म्हणाले.

“बघायला!” ते हसले. “छान. म्हणजे नुसत्या डोळ्यांनी बघणारं कोणीतरी उरलंय अजून.”

पुढं त्यांनी विचारलं नाही आणि मीही सांगितलं नाही.

ग्युमो म्हणजे कड्याच्या कुशीतली मूठभर घरं. आम्ही नोरबूच्या बहिणीकडं उतरलो होतो. यांगचेन तिचं नाव. लालबुंद गालांची, सतत काहीतरी कामात असलेली बाई. तिचा नवरा डोरजे फारसा बोलायचा नाही. घराला लागूनच शेळ्यामेंढ्यांचा गोठा होता: जाड दगडी भिंती, मातीचं सपाट छत आणि छताच्या मधोमध उजेडासाठी ठेवलेलं मोठं भोक, काटक्यांच्या झापेनं झाकलेलं. अवेळी जन्मलेलं एक करडू मात्र स्वयंपाकघरात चुलीशी असायचं. पहिल्याच दिवशी यांगचेननं ते माझ्या मांडीवर ठेवलं. काळं, कपाळावर पांढरा ठिपका. त्यानं माझ्या शालीची कड तोंडात धरली आणि चोखत बसलं.

“बच्चे हैं आपके?” यांगचेननं विचारलं.

मी नुसतं करडाच्या पाठीवरून हात फिरवला. ती पीठ मळता मळता म्हणाली, “वो ऊपरवाला है ना, बड़ी बिल्ली, वो बकरी ले जाता है. मेहमान भी वही लाता है. गाली दूँ कि पूजा करूँ?” आणि स्वतःच हसत सुटली.

दुसऱ्या दिवशी संध्याकाळी, तो बकऱ्याचा तांबडा पट्टा बघून आम्ही परत आलो, तेव्हा ती करडाला गोठ्यात नेत होती. आता त्याला आईजवळ राहायला हवं, म्हणाली.

सकाळी आम्ही चहा घेत होतो आणि यांगचेनची किंकाळी ऐकू आली.

मी पायांत बूट कसेबसे अडकवून बाहेर पळाले. ती गोठ्याच्या दाराला पाठ लावून बसली होती. मांडीवर ते करडू. त्याची मान धुतलेल्या फडक्यासारखी लोंबत होती. चारा टाकायला तिनं दार उघडलं तर करडू उंबऱ्याशीच पडलेलं. पाय धरून तिनं ते बाहेर ओढलं. अजून गरम होतं. आणि मग आतून गुरगुर आली. तिनं दार लोटून अडसर घातला आणि तिथंच बसली.

नोरबूनं फटीतून आत पाहिलं. बराच वेळ पाहत राहिला. वळला तेव्हा त्याचा चेहरा राखेसारखा झाला होता.

“सब ख़तम,” तो म्हणाला. “एक भी नहीं बची. वो अंदर ही है. ऊपर से कूदा, खाया, अब पेट भारी है, निकल नहीं पा रहा.”

गाव गोळा व्हायला वेळ लागला नाही. पुरुष हातात पहारी, सळया, फावडी घेऊनच आले. कोणी मोठ्यानं बोलत नव्हतं. चार जण शिडीनं गोठ्याच्या छतावर चढले आणि बाकीचे खालून त्यांना दगड पोहोचवायला लागले. डोरजे हातात लोखंडी सळई घेऊन दाराकडं आला. नोरबू आडवा झाला.

“जीजाजी, नहीं. मैंने फ़ोन किया है. फ़ॉरेस्ट के साहब लोग जाल लेकर आएँगे. रास्ता बंद है, कल तक आ जाएँगे.”

“कल तक क्या करूँ?” डोरजे म्हणाला. “इसको खाना खिलाऊँ?”

“मारोगे तो यहाँ कौन आएगा? कल से मेहमान…”

डोरजेनं पहिला फटका त्याच्या खांद्यावर मारला. दुसरा गुडघ्यावर. नोरबू दाराला धरून उभा राहू बघत होता, तेवढ्यात तिसरा त्याच्या भुवईवर बसला आणि तो बर्फात कोसळला. त्याच्या तोंडाभोवतीचा बर्फ एका क्षणात तांबडा झाला. त्याला उचलायला कोणीही पुढं आलं नाही. मी धावत गेले, डोक्याचा स्कार्फ सोडून त्याच्या कपाळावर दाबला.

“छोड़ दो, मैडम,” तो पुटपुटला. “आज वो किसी का नहीं सुनेगा.”

वरून पहिला दगड आत पडला. मग दुसरा. दगड आधी मेलेल्या मेंढ्यांवर पडत असावेत, बद्दबद्द असा ओला आवाज यायचा. मग एक बसला असावा नेमका. आत असा काही आवाज झाला की माझ्या पाठीचे मणके एकेक करून हलले. डोरजे सळई टाकून शिडीकडं पळाला. यांगचेन करडाला छातीशी धरून त्याच्या मागोमाग चढली. मीही चढले.

छतावर गुळगुळीत गोठलेला बर्फ होता. सकाळी उपसायला आणलेलं लाकडी फावडं कडेला पडलं होतं. भोकावरची काटक्यांची झाप नाहीशी झालेली. माणसं भोकाच्या तीन बाजूंनी उभी राहून दगड टाकत होती. आणि चौथ्या बाजूला, गुडघ्यांवर, दाबके. कॅमेरा डोळ्याला. ते माझ्याही आधी, चहाचा कप तसाच टाकून, वर पोहोचले होते.

भोकातून मी खाली पाहिलं. अंधारात आधी नुसती लोकर दिसली. मग त्या लोकरीतून एक राखाडी अंग सरकलं. भिंतीवर उडी घेतली, अर्ध्यातून घसरलं, परत उडी घेतली. शेपूट जाडजूड, दोरखंडासारखी. प्रत्येक उडीला वरून दगड.

यांगचेन भोकाच्या अगदी कडेला गेली. तिनं करडू दोन्ही हातांनी पुढं धरलं आणि खालच्या अंधाराला दाखवत ती ओरडायला लागली. तिच्या बोलीतला एक शब्द मला कळत नव्हता, आणि कळायची गरजही नव्हती. हे बघ, हे बघ तू काय केलंस, असंच ती म्हणत होती. तिच्या तोंडातून वाफ निघत होती, नाकातून, डोळ्यांतून पाणी गळत होतं आणि करडाचे पाय तिच्या प्रत्येक शब्दाबरोबर हलत होते.

“दीदी,” दाबके म्हणाले.

तिनं ऐकलं नाही.

“दीदी, एक मिनट. बच्चे को थोड़ा ऊपर. बस थोड़ा.” त्यांचा आवाज अगदी हळू होता, समजूतदार. “थोड़ा और. हाँ. अब मेरी तरफ़ देखिए.”

आणि यांगचेननं त्यांच्याकडं पाहिलं. ते पाहुणे होते. पाहुण्याचं ऐकायची तिला सवय होती. तिचं ओरडणं थांबलं. तिनं करडू वर उचललं आणि ती कॅमेऱ्याकडं बघत उभी राहिली.

फावडं माझ्या हातात कसं आलं ते मला आजही आठवत नाही. मारलेलं मात्र चांगलं आठवतं. पहिला घाव कॅमेऱ्यावर बसला. त्याची पुढची नळी फुटून छतावरून गडगडत गेली. “ताई!” असं म्हणत दाबक्यांनी हात वर केला. ते हसण्याच्या बेतात होते, म्हणजे त्यांना हा अपघात वाटला होता. दुसरा घाव मी त्या वर आलेल्या हातावर घातला. हाड मोडल्याचा आवाज आला. मग ते उभे राहिले, माझ्यापासून लांब व्हायला दोन पावलं मागं सरले, भोकाच्या कडेची माती खचली आणि ते आत दिसेनासे झाले.

सगळ्यांचे हात दगडांसकट वरच राहिले.

खालून जे ऐकू आलं ते मी कोणाला कधी सांगितलं नाही आणि आताही सांगत नाही. माणूस आणि जनावर दोघंही एकाच सुरात ओरडत होते एवढंच.

मी शिडीवरून उतरले की पडले, देव जाणे. दारापाशी नोरबू भिंतीला टेकून बसला होता. “मैडम, नहीं!” तो म्हणाला. अडसर थंडीनं घट्ट बसला होता. मी फावड्याच्या दांड्यानं तो खालून ठोकला, पुन्हा ठोकला, आणि तो उडाला. मी दार ओढलं.

आत लेंड्यांचा, रक्ताचा आणि ओल्या लोकरीचा वास कोंदला होता. वरच्या भोकातून उजेडाची एक उभी तिरीप आली होती. तिच्यापलीकडं, कोपऱ्यात, मेंढ्यांच्या ढिगावर दाबके पालथे पडले होते, दोन्ही हात डोक्यावर घेऊन. बिबट्या त्यांच्या पाठीवर होता. त्याचा एक पंजा त्यांच्या केसांत होता.

मी चौकटीवर फावडं आपटलं आणि ओरडले. “हाऽऽड! हाड!” आमच्याकडं शेतात शिरलेल्या जनावराला हाकलतात तशी.

त्यानं मान वळवली.

किती वर्षं मी त्या तोंडाची वाट बघितली होती. ते कसं असेल, माझ्याकडं कसं बघेल, मग मी काय करीन, याचे कितीतरी खेळ मी अंथरुणात पडल्या पडल्या मनात मांडले होते. ते माझ्या समजुतीपेक्षा लहान निघालं. दगडानं त्याचा एक डोळा बंद झाला होता. मिशा रक्तानं एकमेकींना चिकटल्या होत्या. उघड्या डोळ्यात माझ्याविषयी काहीही नव्हतं. ओळख नव्हती, वैर नव्हतं. त्याच्या पोटाची कातडी भीतीनं थरथरत होती. त्याला बाहेर जायचं होतं आणि मी दारात उभी होते.

माझ्या मागं यांगचेन पोहोचली होती. “मारो!” ती ओरडली. “मारो, दीदी! मारो इसको!”

फावडं माझ्या डोक्याच्या वर होतं. दाबक्यांच्या पाठीवरून उतरून तो माझ्यापासून हातभर अंतरावर आला होता आणि तिथं दबून बसला होता. एवढ्या जवळून चुकलं नसतं.

कोपऱ्यातून दाबके म्हणाले, “आई गं.” मोठ्यानं नव्हे, लहान मूल झोपेत म्हणतं तसं.

मी बाजूला झाले.

तो माझ्या गुडघ्याला घासून गेला. बाहेर एकच गलका झाला, दगडांचा पाऊस पडला. एक दगड त्याच्या मागच्या पायावर बसलेला मी पाहिला. तो कोलमडला, उठला आणि लंगडत लंगडत कड्याला लागला. डोरजे त्याच्या मागं छातीपर्यंत बर्फात शिरून दगड मारत राहिला, तो दिसेनासा झाल्यावरही मारत राहिला, हातात दगड उरले नाहीत तेव्हा बर्फ मारत राहिला.

यांगचेननं करडू उंबऱ्याबाहेर खाली ठेवलं आणि आत येऊन दाबक्यांशेजारी बसली. त्यांच्या डोक्याची कातडी मागून सुटून कानावर आली होती. तिनं ती तळव्यानं जागेवर बसवली, कमरेचा पट्टा सोडला आणि त्यांच्या डोक्याला गच्च बांधला. बांधता बांधता तिनं मला विचारलं, “क्यों छोड़ा?”

 तिनं गाठ मारली. “पाँव पकड़ो,” एवढंच म्हणाली, आणि आम्ही दोघींनी त्यांना उचललं.

नोरबूचा डोळा सुजून बंद झाला होता, त्याला गाडी चालवता येणार नव्हती. डोरजेनं चालवली. मेव्हण्याला ज्या हातांनी मारलं त्याच हातांनी. शेजारी नोरबू, मागं मी, माझ्या मांडीवर दाबक्यांचं डोकं. वाटेत एका ठिकाणी डोंगरावरचा बर्फ रस्त्यावर उतरला होता. दोघं एकमेकांकडं न बघता उतरले आणि बर्फ उपसायला लागले. नोरबूला एका पायावर भार देता येत नव्हता. थोड्या वेळानं डोरजेनं त्याच्या हातातलं फावडं काढून घेतलं, त्याला काखेत धरून गाडीत आणून बसवलं आणि एकटाच उपसत राहिला. 

काझाच्या दवाखान्यात दाबक्यांचं डोकं शिवलं, दंडावरचे चावे धुतले, मनगट बांधलं. उजवं मनगट. ते पुढं सांधलं, पण पहिल्यासारखं वळलं नाही. त्यांना दवाखाना सोडून कॉलेजात शिकवायला लागावं लागलं. हे नंतरचं. त्या दिवशी दुपारी एक हवालदार आला, खुर्ची ओढून त्यांच्या खाटेशी बसला आणि काय झालं म्हणून विचारलं.

“इन्होंने मारा मुझे,” दाबके माझ्याकडं बघत म्हणाले. “फावड़े से. मैं गिर गया.”

हवालदार माझ्याकडं वळला. “जी?”

“हाँ. मैंने मारा,” मी म्हणाले.

तो दोघांकडं आळीपाळीनं बघत राहिला. बिबट्याच्या हल्ल्याची चौकशी करायला आलेला माणूस, त्याला हे नवीनच होतं. तक्रार करायची आहे का, असं त्यानं विचारलं. दाबक्यांनी डोळे मिटले. “कल बताता हूँ.” तो गेला. दुसऱ्या दिवशीही त्यांनी तक्रार केली नाही, पण तेव्हा मला ते कुठं ठाऊक होतं!

खोलीत शेगडी धुमसत होती. 

“वेड्या आहात का हो तुम्ही?” ते एकदम म्हणाले. ओठ सुजल्यामुळं शब्द नीट येत नव्हते. “उजवा हात आहे हा. मी दात काढतो या हातानं. काय केलं होतं मी तुमचं? एक फोटो काढत होतो. एका फोटोसाठी?”

“हो.”

“काय हो?”

“माझा मुलगा बिबट्यानं नेला,” मी म्हणाले.

त्यांनी मान माझ्याकडं वळवली.

मग मी सांगितलं. आमच्या घराच्या मागं उसाचं रान आहे. दिवेलागणीला तो मागच्या नळावर हात धुवायला गेला. मी आत भाकरी थापत होते. नळ चालू असल्याचा आवाज येत होता, म्हणून मला वाटलं अजून धुतोय. खूप वेळ धुतोय, पाणी सांडतोय, म्हणून मी रागावूनच बाहेर गेले. नळ चालू होता. सकाळी उसात सापडला. आमच्या यांनी मला जाऊ दिलं नाही जवळ. पुढं पिंजरा लावून कुठला तरी बिबट्या धरला, कुठं तरी नेला. तोच होता की दुसरा, कोणी सांगावं.

“त्या सकाळी गर्दी झाली होती. सगळ्या गावची माणसं, बाहेरची माणसं. त्यात एक जण कॅमेरा घेऊन आला. चांगला होता बोलायला. माझ्या हातात मुलाची चप्पल होती, एकच, नळापाशी सापडलेली. तो मला म्हणाला, बाई, चप्पल जरा वर धरा. अजून थोडी. हां. आता माझ्याकडं बघा.”

मी शालीची कड मुठीत धरली. 

“आणि मी धरली हो दाबके साहेब. मी रडत होते ती थांबले, चप्पल वर धरली आणि त्याच्याकडं बघितलं.”

दाबक्यांनी भिंतीकडं तोंड केलं. त्यांचा चांगला हात पांघरुणावर पडला होता, त्याची बोटं मिटत होती, उघडत होती. मी वाट बघत बसले. आता ते विचारतील, मला माहीत होतं. सगळेच विचारतात. नर होता का मादी? केवढा होता? पाठीमागून आला का? आवाज कसा नाही आला? शाळेतल्या बाई, बसमध्ये शेजारी बसलेली माणसं, नातेवाईक, सगळे. आणि हा माणूस तर बिबट्यासाठीच तीनदा हिमालयात आलेला.

“नाव काय त्याचं?” दाबक्यांनी विचारलं.

“कोणाचं?”

“मुलाचं.”

 ते नाव घरात आम्ही दोघंही घेत नव्हतो.

“तन्मय.”

“कसा होता?”

ते अजून भिंतीकडंच बघत होते. मी शेगडीत लाकूड सारलं आणि काय सांगावं याचा विचार करायला लागले.

“चहा बशीत पाहिजे असायचा त्याला,” मी म्हणाले. “साय आलेली चालायची नाही. तेवढी काढून माझ्या कपात टाकायचा. आणि मास्तरणीचा मुलगा, पण अंक म्हणताना पंधरानंतर सरळ सतरा म्हणायचा. रोज. मी चिडायची, अरे, सोळा कुठं गेले? तर म्हणायचा, खेळायला गेले.”

दाबके हसले. हसताना डोक्याचे टाके ओढले गेले आणि ते कण्हले. मी उठून त्यांची उशी सारखी केली.

“अजून सांगा,” ते म्हणाले.